अर्धा जिना

९ जानेवारी

दादा,

फोन तू उचलत नाहीस म्हणून पत्र. पाकिटावर माझं नाव मुद्दामच घातलेलं नाही, निदान फोडशील तरी.

आपला जिना पाडला. म्हणजे अर्धा पाडला. सोमवारी सकाळी पालिकेची माणसं आली. हातोडे, ड्रिल, बरोबर पोलीस. त्यांचे साहेब तसे सौम्य होते. म्हणाले, "बाई, घर आणि हद्दीची भिंत यांच्यामध्ये जी मोकळी जागा सोडावी लागते, त्या जागेत हा जिना उभा आहे. वरच्या मजल्याला परवानगी नाही, जिन्याला तर नाहीच नाही. आधी जिना, मग मजला." आमच्या वकीलबाई त्याच वेळी शेजाऱ्यांनी लावलेल्या दाव्यात कोर्टात स्थगिती मागत उभ्या होत्या. मी साहेबांना म्हटलं, जरा थांबा हो, ऑर्डर निघेलच. ते म्हणाले, निघाली की थांबतो.

आणि शब्दाला जागले. खालच्या सगळ्या पायऱ्या भुईसपाट झाल्या होत्या, मधला टप्पा आणि वरच्या पायऱ्या तेवढ्या लोंबकळत होत्या, तेव्हा वकीलबाईंचा फोन आला. स्थगिती मिळाली! मी तिथे ढिगाऱ्यात उभी राहून ओरडले. साहेबांनी मोबाइलवर ऑर्डर वाचली आणि हात वर करून मजुरांना थांबवलं. जाता जाता मला समजावून गेले, "दोन्ही बाजूंनी परिस्थिती जैसे थे ठेवावी असं लिहिलंय. म्हणजे आम्ही पाडायचं नाही आणि तुम्ही बांधायचं नाही. एक वीटसुद्धा नाही."

अप्पा वरच आहेत.

पाडापाडी चालू असताना ते गॅलरीत खुर्ची टाकून बसले होते. मी आधीच म्हणत होते, खाली या, माझ्या कवळ्यांच्या लॅबच्या मालकांच्या घरी दोन दिवस राहू. ऐकतील तर शपथ. म्हणे, मी खाली उतरलो की मजला रिकामा, आणि रिकामा मजला पाडायला कितीसा वेळ लागतो. वरून ते मजुरांना सांगत होते, "अरे, सळईवर नको मारूस, हातोडा उलटा उडेल तोंडावर." आयुष्यभर गवंडीकाम केलेला माणूस. स्वतःच बांधलेला जिना पाडला जात असतानाही मजुरांची चूक बघवली नाही त्यांना.

मी शिडीने जा-ये करते. एका रंगाऱ्याकडून आणली आहे. सवय झाली आता. अप्पांच्या गुडघ्यांना शिडी शक्यच नाही, पण तसे ते मजेत आहेत.

तुझ्याकडे एकच मागणं आहे. वकीलबाई म्हणतात, तळमजल्याच्या मागच्या खोलीतून छत फोडून आतून जिना काढायची परवानगी कोर्टाकडे मागता येईल. तळमजला तुझ्या नावावर, कुलूपही तुझं. तुझी संमती लागेल. फक्त एक सही.

तुझी धाकटी


४ फेब्रुवारी

दादा,

उत्तर मिळालं. एका ओळीचं का होईना. "वर बांधताना माझी सही लागते हे अप्पांना आठवलं नव्हतं, आता कशी आठवली?"

बरोबर आहे तुझं. मी वाद घालत नाही. मी नवऱ्याचं घर सोडून आले, आणि महिन्याभरात अप्पांनी तुझ्या डोक्यावर माझ्यासाठी खोल्या चढवल्या. तुला विचारलं नाही, पालिकेला विचारलं नाही. तू म्हणालास, "माझं घर आहे की धर्मशाळा?" आणि कुलूप लावून गेलास. अप्पा म्हणाले होते, जाऊ दे, येईल. अजून तेच म्हणतात.

पण आता इथलं ऐक. शेजारच्या फूटपट्टीने शिडीवर हरकत घेतली आहे. फूटपट्टी म्हणजे कोण ते तुला सांगायला नको, नाव तूच ठेवलं होतंस. बँकेतून निवृत्त झाल्यापासून लोकांच्या भिंती मोजण्याशिवाय त्यांना दुसरा उद्योग नाही. त्यांच्या वकिलाने अर्ज दिला की शिडी हे नवीन बांधकाम आहे. मी वकीलबाईंना म्हटलं, मग मी पण नवीन बांधकाम, रोज वर चढते. त्या हसल्या, पण साहेबांनी येऊन तोडगा काढला तो असा: शिडी वापरा, पण मोकळ्या जागेत उभी ठेवायची नाही. काम झालं की उचलून आडवी करायची.

म्हणजे सकाळी लॅबला जाताना मी खाली उतरते, शिडी काढते, भिंतीकडेला आडवी ठेवते आणि जाते. दिवसभर अप्पा वर. कोणी वर जाऊ शकत नाही, ते खाली येऊ शकत नाहीत. भाजी, वर्तमानपत्र, औषधं सगळं बादलीला दोरी बांधून. भाजीवाली खालून ओरडते, अप्पा वरून बादली सोडतात, आणि मग टोमॅटोच्या पिकलेपणावरून दोघांची पूर्ण गल्लीला ऐकू जाईल अशी चर्चा होते.

काल लॅबमध्ये एका बाईंची कवळी बनवत होते. मेणात एकेक दात बसवायचा, वरचा खालच्याला टेकतोय की नाही बघायचं. हात थांबला. मनात आलं, आत्ता जर तिकडे आग लागली तर? मालक म्हणाले, काय झालं, रंग जुळत नाही का दाताचा? मी म्हटलं, नाही, जुळतोय.

फूटपट्टीचंही एक म्हणणं खरं आहे, ते तुला म्हणून लिहिते. जिन्यामुळे त्यांच्या स्वयंपाकघरात भर दुपारी दिवा लावावा लागायचा. काकू मला एकदा म्हणाल्या होत्या, "अगं, तांदळातले खडे दिसत नाहीत गं मला." अप्पांना सांगितलं, तर ते म्हणाले, चष्मा बदला म्हणावं.

पुढच्या तारखेआधी सहीचं कळव.

धाकटी


६ मार्च

दादा,

आज कोर्टात गेले होते.

आमच्या कोर्टाबाहेर एक लांब व्हरांडा आहे. बाकं कमी, माणसं फार. पट्टेवाला दारात येऊन नावं पुकारतो आणि कोणाचं नाव आहे हे कळायच्या आत पुढचं पुकारतो. मी कान टवकारून उभी होते. फूटपट्टी समोरच्या बाकावर पिशवी मांडीवर घेऊन बसले होते. माझ्याकडे बघत नव्हते, मी त्यांच्याकडे बघत नव्हते.

पुकारा झाला. वादी क्रमांक एक, फूटपट्टीचं नाव. ते उठले. मग पट्टेवाल्याने वादी क्रमांक दोनचं नाव पुकारलं.

तुझं पूर्ण नाव, दादा. मधे अप्पांचं नाव, शेवटी आपलं आडनाव. पट्टेवाल्याने दोनदा पुकारलं, कारण कोणी उठलं नाही. दुसऱ्या वेळेला त्याने अप्पांच्या नावावर जरा जोर दिला.

मला वाटलं ऐकण्यात चूक झाली. वकीलबाईंकडे बघितलं तर त्या फाइल चाळत होत्या. मग हळूच म्हणाल्या, "तुम्हाला माहीत होतं असं मी धरून चालले होते. दोघांनी मिळून दावा लावलाय. ते शेजारी म्हणून, तुमचे भाऊ खालच्या मजल्याचे मालक म्हणून." मी म्हटलं, हो, माहीत होतं. का म्हटलं कोण जाणे. तुझी लाज मला वाटली, की माझीच, कळलं नाही.

म्हणजे मी जानेवारीपासून सही मागत होते ती कोणाकडे? आणि तू ती एक ओळ लिहिलीस तेव्हा हसला होतास का रे?

बाहेर फूटपट्टी मला गाठून म्हणाले, "हे बघ पोरी, मी एकटा कोर्टात गेलो नसतो. माझी हिंमत नव्हती तुझ्या अप्पांपुढे. तोच म्हणाला, काका, तुम्ही पुढे व्हा, मी मागे आहे."

घरी आल्यावर अप्पांनी वरूनच विचारलं, "काय म्हणतं कोर्ट?" मी म्हटलं, पुढची तारीख. "आणि फूटपट्टी?" बसले होते, म्हटलं. "एकटाच?"

एकटेच, म्हटलं मी. शिडी लावली आणि वर गेले.


२१ मार्च

लिहिणार नव्हते. पण कोणाला सांगू?

शिडीवरून पडले. उजव्या मनगटाचा भाग सुजलाय, हाड शाबूत आहे. पडले तेव्हा शिडी पण पडली. मी खाली आणि अप्पा वर, आणि दोघांमध्ये त्या लोंबकळत्या पायऱ्या. ते गॅलरीच्या कठड्यावरून वाकून बघत होते. "लागलं का गं? लागलं का?" मी म्हणत होते, नाही, काही नाही. त्यांना खाली यायचं होतं. लोंबकळत्या पायरीवर त्यांनी एक पाय टाकला सुद्धा. मी किंचाळले तेव्हा मागे घेतला.

मग ते खुर्चीत जाऊन बसले, आणि मी पहिल्यांदाच त्यांना घर बांधल्याबद्दल वाईट वाटलेलं बघितलं. हातातल्या हातात बोटं मोडत बसले.

लॅबमध्ये सुट्टी मागितली, मालक म्हणाले डाव्या हाताने पॉलिशचं काम कर. वर बसून राहिले तर दोघंही कैदी, म्हणून जाते.

मला माहीत आहे ते अप्पांना अजून सांगितलेलं नाही. पण ते फूटपट्टीबद्दल विचारायचे थांबले आहेत.


१४ एप्रिल

दादा,

आधी हे सांगते, अप्पा ठीक आहेत.

गुरुवारी सकाळपासून त्यांना लघवी होत नव्हती. मला सांगायला लाजले. मी शिडी आडवी करून निघणार, तेवढ्यात वरून हाक आली. आवाज असा की मी पिशवी तिथेच टाकली. वर गेले तर पोट दगडासारखं, घामाने शर्ट ओला, आणि दात इतके घट्ट आवळलेले की मीच बनवलेली कवळी तुटेल अशी भीती मला वाटली. डॉक्टर फोनवर म्हणाले, ताबडतोब आणा, वेळ घालवू नका.

अँब्युलन्स आली. त्यातल्या दोघांनी शिडीकडे पाहिलं, लोंबकळत्या पायऱ्यांकडे पाहिलं, आणि एकजण म्हणाला, "ताई, ह्यावरून स्ट्रेचर उतरवायचं? पेशंट आणि आम्ही, तिघंही जाऊ." अग्निशमनवाल्यांना फोन लावला, गाडी दुसरीकडे गेलेली, यायला वेळ लागेल. अप्पा आत कण्हत होते. मी गॅलरीत उभी होते आणि मला खाली उडी मारावीशी वाटत होती. दुसरा रस्ताच दिसत नव्हता.

तेव्हा समोरची खिडकी उघडली. तुला माहीत आहे, आपली गॅलरी आणि त्यांची वरची खिडकी म्हणजे हात लांब केला तर वाटी देता येते. फूटपट्टी खिडकीत उभे होते, बनियनवर, हातात पाना.

"ही जाळी काढतो," म्हणाले. "इकडून आणा."

मी म्हटलं, काका, तुमची जाळी पण जैसे थे मध्ये आहे. ते नट ढिला करत म्हणाले, "मला अक्कल शिकवू नकोस. दरवाजा काढ तुझ्या खोलीचा. फळी करू."

अँब्युलन्सवाल्यांना मी शिडीने वर घेतलं, दोघांनी मिळून खोलीचं दार बिजागऱ्यांतून उचललं. गॅलरीच्या कठड्यावरून त्यांच्या खिडकीच्या चौकटीवर टाकलं. स्ट्रेचर पट्ट्यांनी आवळून त्यावर सरकवलं. इकडून ते दोघं आणि मी, तिकडून फूटपट्टी आणि काकू. काकूंनी पदर खोचला होता. अप्पा मधोमध हवेत होते, खाली त्यांच्याच जिन्याचा ढिगारा, आणि त्या अवस्थेत डोळे मिटून म्हणाले, "फळी मधे लवतेय. टेकू द्यायला हवा होता."

"गप्प बस," फूटपट्टी म्हणाले. मग त्यांना आत ओढून घेतलं.

मीही त्याच फळीवरून पलीकडे गेले आणि त्यांच्या घरातून जिना उतरले. किती दिवसांनी मी जिना उतरत होते, पाय प्रत्येक पायरीला दचकत होता.

हॉस्पिटलमध्ये नळी घातली, पिशवी लावली. अर्ध्या तासात अप्पांचा चेहरा पूर्ववत झाला आणि त्यांनी नर्सला विचारलं की या भिंतीला गिलावा कोणी केलाय, पोकळ वाजतोय. फूटपट्टी बाहेर बाकावर बसून होते. मी आभार मानायला गेले तर बोट वर करून म्हणाले, "दावा मागे घेणार नाही मी. आत्ताच सांगून ठेवतो." मी म्हटलं, नका घेऊ. मग ते म्हणाले, "चहा घेतलास का?"


२ मे

दादा,

तुझं कुलूप मी तोडलं.

अप्पांना घरी सोडलं तेव्हा डॉक्टर म्हणाले, पिशवी आहे, चढउतार नको, खालच्या खोलीत ठेवा. कोणत्या खालच्या? वर जायला रस्ता नाही. फूटपट्टी आणि काकूंनी आपली बैठकीची खोली देऊ केली. अप्पा रिक्षातच म्हणाले, "ज्याने माझ्यावर दावा लावलाय त्याच्या घरी मी झोपणार नाही. चोवीस तास तो माझ्यासमोर बसेल, आणि मला त्याचे आभार मानावे लागतील."

मग मी कुलूपवाल्याला बोलावलं. त्याने विचारलं, "कोणाचं घर?" माझ्या भावाचं, म्हटलं. "विचारलंत त्यांना?" मी म्हटलं, पत्रं लिहिली होती. त्याने माझ्याकडे जरा पाहिलं आणि पटाशी काढली.

तुझ्या खोलीत सगळं तसंच होतं. पलंग, तुझं टेबल, भिंतीत ठोकलेले खिळे. धूळ इतकी की अप्पांना शिंका आवरेनात. मी खिडक्या उघडल्या, फरशी पुसली, पलंगावर स्वच्छ चादर घातली. अप्पा खुर्चीत बसून बघत होते. मग म्हणाले, "इथे आपण राहतोय हे त्याला आवडणार नाही."

माझ्या तोंडून निघून गेलं, "न आवडू दे. त्यानेच केलाय ना दावा."

सुटला शब्द. मी फडकं हातात धरून तशीच उभी. अप्पांनी पिशवीची नळी सरळ केली.

"मला पहिल्या दिवसापासून माहीत आहे," ते म्हणाले. "फूटपट्टीची छाती नाही माझ्यावर दावा लावायची. माझ्याशी भांडायचं तर माझाच पोरगा पाहिजे." आणि दादा, ते असं म्हणाले की जणू तुला शाबासकी देतायत. मला इतका राग आला. मनगट माझं सुजलं, शिडी मी उचलत होते रोज, आणि कौतुक तुझं!

मी त्यांना विचारलं, मग आधी का नाही बोललात? माझ्याकडून खोटं का वदवून घेतलंत? ते म्हणाले, "तू लपवत होतीस. मी म्हटलं, हिला एवढं तरी माझ्यासाठी करू दे."

आता तुला काय करायचं ते कर. मी सही मागणार नाही. वरच्या दोन खोल्या माझ्या आहेत, पण रंगाऱ्याने शिडी परत नेली आणि मी त्यांच्यात पाऊल टाकू शकत नाही. रात्रीचं अंथरूण तुझ्या स्वयंपाकघरात घालते. वर माझे कपडे आहेत, आरसा आहे, कुंडीतली तुळस केव्हाच वाळली असेल. खिडकी उघडी राहिली की काय म्हणून खालून बघत असते.

धाकटी


२९ मे

दादा,

तुझ्या वकिलाची नोटीस मिळाली. तुझ्या मिळकतीत मी आणि अप्पांनी बेकायदा घुसखोरी केली, कुलूप तोडलं, सात दिवसांत खोली रिकामी करून द्यावी, नाहीतर वेगळा दावा. भाषा फार सुरेख आहे. अप्पांचा उल्लेख "सदर इसम" असा केलाय. मुलाने बापाला इसम म्हटलेलं मी पहिल्यांदाच वाचलं.

पोस्टमनने पाकीट अप्पांच्याच हातात दिलं. मी लॅबमधून आले तेव्हा ते चष्मा लावून तिसऱ्यांदा वाचत होते. मला वाटलं आता काहीतरी होणार, छातीत कळ वगैरे. मी आधी पाणी पुढे केलं. ते म्हणाले, "पत्ता बघ."

पत्त्यावर लिहिलं होतं: राहणार, तळमजला.

"म्हणजे आपण इथे राहतो हे त्याने लिहून दिलं," अप्पा म्हणाले, आणि हसले. कवळी सैल झाली होती, हसताना खाली आली, ती सावरत पुन्हा हसले. वकीलबाईंना दाखवलं तर त्याही म्हणाल्या, बरं झालं, हे आपल्या कामाचं आहे. तुझ्या वकिलाला सांग, घाई करत जाऊ नका.

तर आता आपले दोन दावे होणार. पहिल्यातली जैसे थे तशीच आहे, वरच्या पायऱ्या तशाच लोंबकळतायत, त्यांच्यावर पारव्यांनी घर केलंय. त्यांनाही नोटीस जाईल कदाचित. फूटपट्टीने जाळी परत बसवली, पण नट पूर्ण आवळलेले नाहीत. मी विचारलं तर म्हणाले, पाना सापडत नाही.

अप्पा आता काठी घेऊन गल्लीच्या टोकापर्यंत जातात. भाजीवाली त्यांना समोर बघून म्हणाली, अहो, तुम्ही एवढे ठेंगणे आहात होय? वरून उंच वाटायचात.

एक सांगायचं होतं, त्यासाठी हे पत्र. नवीन दाव्यात तू एकटा वादी असशील. वकीलबाई म्हणतात, साक्षीला तुला स्वतः उभं राहावं लागेल, वकील पाठवून भागणार नाही. हे मी जेवताना अप्पांना सांगितलं. त्यांचा घास हातातच राहिला.

"म्हणजे तो येईल?"

यावंच लागेल, मी म्हटलं.

तेव्हापासून रोज सकाळी विचारतात, तारीख लागली का. मी म्हणते, अप्पा, आधी त्याने दावा तर लावायला हवा, अजून सात दिवसही झाले नाहीत. काल तर म्हणाले, "तू खोली रिकामी करायची भाषा करू नकोस हां त्याच्याशी. चुकूनसुद्धा नको. मग तो दावाच लावणार नाही."

मी नाही करत. तू लाव.

धाकटी